‘सांभाळून घेतलं’ असं कोण म्हणतंय?

प्रश्न

एका खाजगी कंपनीच्या अकाउंट्स विभागात सहा वर्षं काम करणाऱ्या ३१ वर्षांच्या ट्रान्स स्त्रीचं पत्र आलं आहे. ओळख पटेल असे तपशील गाळून ते थोडक्यात सांगते.

आठ महिन्यांपूर्वी तिनं ऑफिसात सांगितलं की यापुढे मी स्त्री म्हणून जगणार आहे. कुणी हसलं नाही, कुणी कामावरून काढलं नाही. साहेब म्हणाले, ‘काळजी करू नकोस, आम्ही सांभाळून घेऊ.’ महिनाभरात क्लायंटकडे जाण्याचं काम ‘तुला अवघडल्यासारखं व्हायला नको’ म्हणून दुसऱ्याकडे गेलं. टेबल रेकॉर्ड रूमशेजारी हललं. महिलांच्या स्वच्छतागृहावरून कुणीतरी कुरकुर केली म्हणून तिला तळमजल्यावरचं एक बंद स्वच्छतागृह वापरायला सांगितलं. त्याची किल्ली सिक्युरिटीकडे असते आणि दर वेळी रजिस्टरमध्ये सही करून घ्यावी लागते. ईमेलवर आणि गळ्यातल्या कार्डावर अजून जुनंच नाव आहे. एचआरचं म्हणणं, ‘सर्टिफिकेट आण, ऑपरेशनचे कागद आण, मग बघू.’ पाच वर्षं ‘उत्तम’ मिळत आलेल्या तिला यंदाच्या अप्रेझलमध्ये ‘समाधानकारक’ मिळालं.

ती विचारते: ‘सगळे माझ्याशी नीट बोलतात. इतर ट्रान्स व्यक्तींचे हाल बघितले की वाटतं, मला नोकरीवर ठेवलंय हेच खूप झालं. याला भेदभाव म्हणायचं का? तक्रार केली तर मी कृतघ्न ठरेन. आई म्हणते गप्प बस, मैत्रीण म्हणते राजीनामा देऊन मोकळी हो. मी काय करू?’

उत्तर

प्रिय मैत्रिणी,

तुमचं पत्र मी तीनदा वाचलं आणि तिन्ही वेळा त्या रजिस्टरपाशी थांबले. तुम्ही लिहिलंय की ते मुळात पार्किंगचं रजिस्टर आहे. ‘वाहन क्रमांक’ हा छापील रकाना पेनानं खोडून वर ‘किल्ली’ लिहिलंय. पुढे नाव, नेल्याची वेळ, आणल्याची वेळ, सही. आणि नावाच्या रकान्यात तुम्हाला ते जुनं नाव स्वतःच्या हातानं लिहावं लागतं, कारण सिक्युरिटीकडच्या यादीत तेच आहे. म्हणून दुपारी दोननंतर तुम्ही पाणी पिणं सोडलंय. हे तुम्ही पत्राच्या अगदी शेवटी, जाता जाता लिहिलंय.

मी तिथूनच सुरुवात करते. तुमच्या ऑफिसात आणखी कुणाची लघवीला जाण्याची वेळ लिहून ठेवतात? साहेबांची? एचआरमधल्या बाईंची? कुणाचीच नसेल, तर याला भेदभाव म्हणायचं का, या प्रश्नाचं उत्तर तुमच्याकडे आधीपासून आहे. ते उत्तर मान्य करणं तुम्हाला जड जातंय, कारण हे सगळं गोड बोलून चाललंय.

सांभाळून घेणं हा आपल्याकडे मायेचा शब्द आहे, म्हणून तो पटकन घशाखाली उतरतो. पण आपण सांभाळून कुणाला घेतो? ज्याचं काही चुकलंय त्याला, किंवा ज्याला अजून काम येत नाही त्याला. तुमचं काय चुकलं? सहा वर्षं तुम्ही ताळेबंद जुळवताय, ऑडिटच्या दिवसांत रात्री थांबताय. आठ महिन्यांपूर्वी तुम्ही फक्त स्वतःविषयी एक खरी गोष्ट सांगितली. त्या दिवसापासून तुम्ही ‘कामाच्या व्यक्ती’ राहिला नाहीत, ‘सांभाळायची व्यक्ती’ झालात. खरा बदल हा आहे. टेबल आणि किल्ली त्याच्या मागोमाग आल्या.

एक करून बघा. ‘तुझ्या सोयीसाठी’ म्हणून जे जे झालं ते कागदावर लिहा आणि प्रत्येकासमोर एकच प्रश्न लिहा: हे करण्याआधी मला विचारलं होतं का? क्लायंटचं काम काढताना विचारलं नाही. टेबल हलवताना विचारलं नाही. सोय ज्याची असते त्याला आधी विचारतात. न विचारता केलेली सोय बहुतेक वेळा करणाऱ्याचीच असते. क्लायंटसमोर अवघडायची वेळ साहेबांवर येणार होती, ती टळली. त्याची किंमत मात्र तुमच्या अप्रेझलमधून वळती झाली. क्लायंटचं काम गेलं, म्हणून दाखवण्याजोगं काम कमी झालं, म्हणून ‘समाधानकारक’. हा हिशेब तुम्ही माझ्यापेक्षा चांगला मांडू शकाल.

साहेब मनानं वाईट आहेत असं मी म्हणत नाही. मी स्वतः अकरा वर्षं एचआरमध्ये होते. आमच्याकडे एका ट्रान्स पुरुषानं नवं नाव लावायची विनंती केली, तेव्हा मी त्याला म्हणाले होते, ‘थोडा धीर धर, लोकांना सवय होऊ दे.’ अगदी आपुलकीनं म्हणाले होते. चार महिन्यांनी त्यानं राजीनामा दिला आणि कारणाच्या रकान्यात ‘वैयक्तिक’ लिहिलं. मी ते तसंच फायलीला लावलं. ते कारण वैयक्तिक नव्हतं हे मला तेव्हाही कळत होतं. माझा हेतू चांगला होता, याचा त्याला काडीचाही उपयोग झाला नाही. म्हणून हेतूची चर्चा आता बाजूला ठेवूया. कायदाही आधी हेच बघतो की वागणूक वेगळी मिळाली का आणि त्यात तुमचं नुकसान झालं का.

कायद्याबद्दल तुमच्या पत्रात दोन समजुती दिसल्या. पहिली, की हे नियम सरकारी नोकरीपुरते असतात. तसं नाही. ट्रान्सजेंडर व्यक्ती (हक्कांचे संरक्षण) कायदा २०१९ सालचा, १० जानेवारी २०२० पासून लागू झाला. त्यात ‘आस्थापना’ या शब्दाखाली खाजगी कंपनी, फर्म, सहकारी संस्था, ट्रस्ट सगळे येतात. कलम ३ नोकरीत अन्यायाची वागणूक द्यायला, नोकरी नाकारायला किंवा त्या कारणानं काढून टाकायला मनाई करतं. कलम ९ सांगतं की भरती, बढती आणि नोकरीशी संबंधित कुठल्याही बाबतीत कुठल्याच आस्थापनेनं भेदभाव करायचा नाही. कलम ११ नुसार प्रत्येक आस्थापनेत तक्रार अधिकारी नेमलेला असायला हवा. तुमच्या कंपनीत तो कोण आहे? पत्रात त्याचा उल्लेख नाही, म्हणजे बहुधा तुम्हाला कुणी सांगितलेलंच नाही.

२०२० च्या नियमांनी याहून पुढचं सांगितलं. आस्थापनेनं समान संधीचं धोरण लिहून ते सगळ्यांना दिसेल असं लावायचं. त्यात कुणालाही वापरता येईल अशा स्वच्छतागृहाची सोय, सुरक्षिततेची व्यवस्था, कर्मचाऱ्याच्या लिंगओळखीबद्दलची गोपनीयता आणि तक्रार अधिकाऱ्याची माहिती असायला हवी. गोपनीयता या शब्दाखाली एक रेघ मारून ठेवा. सिक्युरिटीच्या टेबलावर उघडं पडलेलं रजिस्टर गोपनीयतेत कसं बसतं, हा प्रश्न तुम्हाला पुढे विचारायचाय.

दुसरी समजूत अशी की ऑपरेशनचे कागद दाखवल्याशिवाय तुम्हाला बोलायचा हक्कच नाही. सर्वोच्च न्यायालयानं १५ एप्रिल २०१४ च्या निकालात, जो ‘नाल्सा’ (राष्ट्रीय विधी सेवा प्राधिकरण) निकाल म्हणून ओळखला जातो, आपली लिंगओळख ठरवण्याचा अधिकार ज्याचा त्याचा मानला आणि त्यासाठी शस्त्रक्रियेचा आग्रह धरणं बेकायदा ठरवलं. पुढे ऑक्टोबर २०२५ मध्ये ‘जेन कौशिक विरुद्ध भारत सरकार’ हा निकाल आला. दोन खाजगी शाळांमधली नोकरी हातची गेल्यावर एका ट्रान्स शिक्षिकेनं दाद मागितली होती. न्या. पारडीवाला आणि न्या. महादेवन यांनी केंद्र सरकारला, दोन राज्य सरकारांना आणि त्यातल्या एका शाळेला भरपाई द्यायला लावली. प्रत्येक आस्थापनेत तक्रार अधिकारी नेमला जावा असा आदेश दिला. समान संधी धोरणाचा मसुदा करायला निवृत्त न्यायमूर्ती आशा मेनन यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. त्या निकालातला मला सगळ्यात मोलाचा वाटलेला मुद्दा म्हणजे, जे करायला हवं ते न करता नुसतं बसून राहणं हाही भेदभावच आहे. तिथं तो सरकारांना उद्देशून होता, पण ‘आम्ही तर काहीच केलं नाही’ असं म्हणणाऱ्या प्रत्येक कंपनीनं तो वाचावा.

आता कायद्याची पडकी बाजूही सांगते, नाहीतर ऐन वेळी तुम्हाला फसवल्यासारखं वाटेल. नोकरीतला भेदभाव बेकायदा आहे, पण तेवढ्यासाठी कुणाला शिक्षा होईल अशी तरतूद २०१९ च्या कायद्यानं केली नाही. सहा महिने ते दोन वर्षं कैद ठेवली ती वेठबिगारी, घरातून-गावातून हुसकावणं, शारीरिक, लैंगिक, शाब्दिक, भावनिक, आर्थिक छळ अशा गुन्ह्यांसाठी. त्यामुळे ‘कायदा दाखवला की कंपनी थरथर कापेल’ अशी अपेक्षा ठेवू नका. कंपन्या घाबरतात त्या लेखी नोंदीला. तोंडी शंभर वेळा सांगितलेलं हवेत विरतं आणि एका मेलला उत्तर द्यावं लागतं.

म्हणून नावापासून सुरुवात करा, कारण तिथं तुमची बाजू सगळ्यात स्वच्छ आहे. एचआरनं दोन वेगळ्या गोष्टींची सरमिसळ केलीय. पगारपत्रक, पीएफ, टॅक्स यांवरचं नाव पॅन, आधार आणि बँकेशी जुळावं लागतं. तिथं कागद मागणं रास्त आहे. पण ईमेलवर दिसणारं नाव, दारावरची पाटी, मीटिंगमध्ये मारायची हाक, अंतर्गत डिरेक्टरी, यांसाठी कुठला कायदा सर्टिफिकेट मागतो? ऑफिसात कुणी लग्नानंतर आडनाव बदललं की ते ईमेलवर किती दिवसांत बदलतं, हे तुम्ही पाहिलेलं आहे. कार्डाचंही तसंच. तुम्ही लिहिलंय की तुम्ही कार्ड उलटं घालता, नाव छातीकडे आणि कोरी बाजू बाहेर. आठ महिने.

ऑपरेशनचे कागद मात्र दाखवू नका, त्यावर चर्चाही करू नका. ‘ही माझी वैद्यकीय माहिती आहे, ती मी देणार नाही’ एवढं एक वाक्य बास. वरच्याच २०२५ च्या निकालात न्यायालयानं असंही म्हटलंय की शस्त्रक्रियेसाठी मालकाची परवानगी घ्यावी लागत नाही, अपवाद फक्त लिंगओळखीवरच बेतलेल्या कामाचा. अकाउंट्स हे तसं काम नव्हे.

सरकारी ओळख प्रमाणपत्र जिल्हाधिकारी देतात आणि त्याआधारे बाकीचे कागद बदलता येतात. त्यासाठीच्या अटी कायद्यातल्या दुरुस्त्यांनुसार बदलतात, म्हणून अर्ज करण्याआधी आज लागू असलेले नियम जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून समजून घ्या. त्यांचं कार्यालय जिल्हा न्यायालयात असतं, सल्ल्याला पैसे पडत नाहीत. हे काम संथ चालतं. ते एकीकडे चालू द्या, पण ‘ते झाल्यावर बाकीचं बोलू’ असं ठरवू नका. एचआरला तेच हवंय.

आईच्या सल्ल्याबद्दल. तोंड दाबून बुक्क्यांचा मार सहन करण्याची आपल्या घरांना सवय असते आणि त्यामागे भीती खरी असते. तुमचा पगार गेला तर घराचं काय, हे त्यांना तुमच्याइतकंच दिसतंय. त्यांना दोष देऊ नका. पण गप्प राहून परिस्थिती आहे तशी राहील हे त्यांचं गृहीतक आठ महिन्यांच्या अनुभवानं खोटं ठरवलंय. गप्प राहिलात आणि क्लायंट गेले, टेबल गेलं, ग्रेड गेली. पुढच्या वर्षीच्या अप्रेझलमध्ये ‘समाधानकारक’च्या खालचा शब्द कोणता आहे, ते एचआरच्या फॉर्मवर बघून ठेवा.

मैत्रिणीचा सल्ला मला जास्त धोक्याचा वाटतो, जरी तो तुमच्या स्वाभिमानाच्या काळजीतून आलाय. आत्ता दिलेला राजीनामा कंपनीच्या कागदावर ‘स्वतःहून सोडली’ असा दिसेल आणि नंतर तुम्ही काहीही म्हणालात तरी तो कागद तुमच्याविरुद्ध बोलेल. दुसरी नोकरी शोधायला माझी ना नाही. शोधाच. पण हातात नवं नेमणूकपत्र आल्याशिवाय आणि इथलं म्हणणं लेखी मांडल्याशिवाय सही करू नका. ‘आत्ता राजीनामा दे, आम्ही चांगलं रिलीव्हिंग लेटर देतो’ असं कुणी बंद खोलीत म्हणालं, तर ‘विचार करून उद्या सांगते’ म्हणून बाहेर या आणि काय बोलणं झालं ते तारीखवार लिहून ठेवा.

‘नोकरीवर ठेवलंय हेच खूप’ हे वाक्य मला सगळ्यात जास्त लागलं. कोची मेट्रोनं २०१७ साली ट्रान्स व्यक्तींना कामावर घेतलं, तेव्हा देशभर कौतुक झालं. थोड्याच दिवसांत त्यातल्या काहींनी नोकरी सोडली, कारण त्यांना भाड्यानं खोली कुणी देईना. नोकरी हातात असून टिकवता येत नाही, कारण नोकरीच्या आजूबाजूचं जगणं कुणी सोपं करत नाही. तुम्हाला नोकरी कुणी ‘दिली’ नाही, तुम्ही सहा वर्षं काम करून ती कमावलीय. तिथलं टेबल, क्लायंट आणि स्वच्छतागृह हे त्या कमाईचे भाग आहेत. इतरांचे हाल तुमच्याहून जास्त आहेत, हे खरं. त्यांच्या हालांचा वापर तुमचं तोंड बंद करायला होऊ देऊ नका.

तक्रारीच्या आधी एक पायरी आहे. साहेबांशी बोला आणि त्याच दिवशी मेल करा. मी तुमच्या जागी असते तर असं लिहिलं असतं:

‘आज आपलं बोलणं झालं त्याप्रमाणे लिहिते आहे. गेल्या आठ महिन्यांत माझ्याकडचं क्लायंटचं काम, बसण्याची जागा आणि स्वच्छतागृहाची व्यवस्था बदलण्यात आली. हे बदल माझ्या विनंतीवरून झालेले नाहीत. मला क्लायंटचं काम पूर्ववत हवं आहे. इतर महिला कर्मचारी वापरतात ते स्वच्छतागृह मीही वापरेन; किल्लीच्या रजिस्टरमध्ये यापुढे नोंद करणार नाही. ईमेल आणि ओळखपत्रावर माझं नाव बदलून मिळावं. २०१९ च्या कायद्याच्या कलम ११ नुसार नेमलेल्या तक्रार अधिकाऱ्यांचं नाव आणि कंपनीचं समान संधी धोरण मला कळवावं.’

यात राग नाही, आरोप नाही, कुणाचा चांगुलपणा नाकारलेला नाही. ‘कृतघ्न’ म्हणायला कुणाला जागा सापडणार नाही. शेवटचं वाक्य मात्र गाळू नका. तक्रार अधिकारी नेमलेलाच नसेल, तर त्या वाक्याला उत्तर देता येत नाही, आणि उत्तर न येणं हाच तुमचा पहिला पुरावा होतो. अधिकारी असेल, तर नियमांनुसार त्यानं तक्रारीची चौकशी १५ दिवसांत करायची आणि अहवालावर आस्थापनेच्या प्रमुखानं आणखी १५ दिवसांत कारवाई करायची.

पुरावे जमवताना एक खबरदारी. आधीच्या पाच वर्षांची अप्रेझलं, तुम्हाला आलेले कौतुकाचे मेल, बदलीचे आदेश यांच्या प्रती जपा. क्लायंटच्या हिशेबाची एकही फाईल स्वतःच्या ईमेलवर पाठवू नका. तक्रार करणाऱ्याला ‘गोपनीय माहिती बाहेर नेली’ म्हणून काढणं ही कंपन्यांची सोपी वाट आहे, ती मी आतून पाहिलीय. रजिस्टरचा फोटो काढायचा तर फक्त तुमच्या नोंदींचा काढा, इतरांची नावं नकोत.

तुमच्या शरीराबद्दल कुणी बोलतं असं तुम्ही लिहिलेलं नाही. पण हे वाचणाऱ्या कुणाच्या बाबतीत अंगचटीला जाणं, अश्लील प्रश्न, तसले मेसेज असं काही घडत असेल, तर २०१३ च्या लैंगिक छळविरोधी कायद्याखालच्या अंतर्गत समितीकडेही जा. घटनेपासून तीन महिन्यांत लेखी तक्रार द्यावी लागते, ही मुदत विसरू नका. ‘तुम्ही या कायद्यातल्या महिला नाही’ असं समितीनं सांगितलं, तर तेही लेखी मागा आणि ते घेऊन विधी सेवा प्राधिकरणात जा.

तुम्ही पत्रात ज्यांच्याविषयी लिहिलंय त्या सहकारी बाईंबद्दल दोन शब्द, कारण त्यांच्यासारखे लोक हे सदर वाचतात. त्या जिन्यात भेटल्या की तुम्हाला नव्या नावानं हाक मारतात, आणि मीटिंगमध्ये जुन्या. त्यांना तुमच्याविषयी माया आहे, फक्त चारचौघांत ती दाखवायची हिंमत होत नाही. त्यांना मी कळकळीनं सांगते, बाई, जिन्यातली हाक मीटिंगमध्ये एकदा मारून बघा. साहेबांसमोर, एकदाच. दुसऱ्या कुणाच्या तोंडून ते नाव सहज आलं की तिसरा माणूसही तेच म्हणायला लागतो. एचआरमध्ये असताना मी हे होताना पाहिलंय, आणि त्याला कुठलंही सर्टिफिकेट लागलं नव्हतं.

महिलांच्या स्वच्छतागृहावरून ज्यांनी कुरकुर केली, त्यांच्याशी बोलण्याचं काम तुमचं नाही, कंपनीचं आहे. तुमच्या मजल्यावर दार नीट बंद होणारं आणि कुणालाही वापरता येईल असं आणखी एक स्वच्छतागृह कंपनीनं करून दिलं, तर तो पर्याय ठीक आहे. फक्त ते सगळ्यांसाठी हवं आणि कुलपाशिवाय हवं. मेलला उत्तर येईपर्यंतही पाणी पिणं थांबवू नका. लघवी तुंबवून आणि पाणी तोडून मूत्रमार्गाचा संसर्ग होऊ शकतो, आणि मग तुमच्या आजारपणाच्या रजाही त्याच अप्रेझलमध्ये मोजल्या जातील. आत्ताच जळजळ किंवा ताप असेल तर आधी डॉक्टरांकडे जा.

मेल सोमवारी सकाळी पाठवा. शुक्रवारी संध्याकाळी पाठवलात, तर उत्तराची वाट बघत दोन दिवस फोन हातात घेऊन घरात बसाल.